कृष्णेवरचा माहितीपट पर्यटनाची जाहिरात वाटतोय, धार कशी आणावी?

घाटावरचा (धागाकर्ता)

नमस्कार मंडळी,

सांगलीतून आम्ही तिघे कृष्णेवर ३५ मिनिटांचा माहितीपट करतोय. क्षेत्र महाबळेश्वरपासून हरिपूरच्या वारणा संगमापर्यंत, म्हणजे सातारा आणि सांगली हे दोनच जिल्हे. बहुतेक चित्रीकरण झालंय, कच्चा कट ५२ मिनिटांचा आहे. ज्यांना दाखवला त्यांचं एकच म्हणणं: 'मस्त झालंय, डोळे निवले.' आमचं दुखणं तेच आहे.

सध्याचा क्रम असा: कासची फुलं अगदी जवळून, धोमच्या जलाशयावरचा सूर्योदय, ड्रोनवरून कराडचा प्रीतिसंगम, कोयनेचे दरवाजे उघडल्यावरचा फेस, लगेच २०१९ च्या महापुराच्या लोकांनी मोबाईलवर घेतलेल्या क्लिपा, मग जतचं कोरडं रान आणि शेवटी कृष्णा घाटावरची संध्याकाळ. निवेदनात 'जीवनदायिनी कृष्णा कधी रौद्र रूप धारण करते' छापाची वाक्यं आहेत. ती जाणार हे नक्की. त्यांच्या जागी काय यायचं ते ठरत नाहीये.

भाषणबाजी न करता पर्यावरणाकडे चिकित्सक नजरेनं कसं बघायचं? पुराला 'निसर्गाचा कोप' म्हणायचं नसेल तर हातात काय पुरावा हवा? नदीत मेलेले मासे तरंगतानाचं चित्रण आहे, त्यावर कारखान्याचं नाव घ्यावं का? आणि आवाजाचं काय करायचं? सध्या सगळीकडे बासरी टाकलीय, ती आमच्याच्यानं ऐकवत नाही.

साधनं: एक मिररलेस कॅमेरा, २५० ग्रॅमच्या आतला ड्रोन, गन माइक, वेगळा रेकॉर्डर.

---

गेजवाचक

मुख्य घोळ तुमच्या क्रमात आहे. दरवाज्यांचा फेस आणि सांगलीतला पूर शेजारी ठेवलेत की निवेदनात एक शब्द न बोलताही 'धरणातून सोडलं म्हणून पूर आला' असं विधान होऊन जातं. ते खरं असेल तर सिद्ध करा, नसेल तर तो सांधा तोडा. तुमच्या पूर्ण कटमध्ये फेस आहे, पाऊस आहे, नदी आहे. निर्णय घेणारा माणूस एकही नाही. म्हणून ती जाहिरात वाटते.

संकलनाला बसण्याआधी हे सगळं कागदावर उतरवा. प्रत्येक सीनला वहीत एक आडवी ओळ आणि चार रकाने: आपण इथे काय म्हणतोय, त्याला पुरावा काय, याला नाही म्हणणारा कोण, चित्र कोणतं. पहिला रकाना रिकामा राहिला तर तो सीन नुसता देखणा आहे. ३५ मिनिटं म्हणजे २१०० सेकंद, सरासरी ७ सेकंदांचा शॉट धरला तर ३०० शॉट. त्यात तीस-चाळीस नुसते देखणे खपून जातात. दीडशे झाले की 'डोळे निवले' ऐकावंच लागणार.

आता पुराचा पुरावा. बातम्यांत विसर्ग क्युसेकमध्ये (सेकंदाला घनफूट) येतो आणि साठा टीएमसीत (अब्ज घनफूट), त्यामुळे बघणाऱ्याला दोन्हींचा मेळ लागत नाही. हिशोब सोपा आहे: १ लाख क्युसेक २४ तास चालू राहिला तर ८.६४ टीएमसी पाणी जातं. कोयनेची क्षमता १०५.२५ टीएमसी. म्हणजे ५० हजार क्युसेकनं दिवसभर सोडलं तरी धरणातून सव्वाचार टीएमसीच्या आसपासच कमी होतं, तेही वरून काही येत नसेल तर. एवढी एक पाटी पडद्यावर आली की 'आधीच का नाही सोडलं' हा प्रश्न भावनेवरून हिशोबावर येतो.

त्यानंतर तासागणिक चार रांगा एकाखाली एक लावा: कोयनानगर, नवजा आणि महाबळेश्वरचा पाऊस, कोयना आणि वारणेचा साठा, दोन्हींचा विसर्ग, सांगलीच्या आयर्विन पुलाजवळची नदीची पातळी. धरणांच्या खालच्या मुक्त पाणलोटातला पाऊस विसरू नका. तो कुठल्याच दरवाज्यातून येत नाही, त्यामुळे कुणाच्याच क्लिपेत नसतो. पातळी विसर्गाच्या आधीच चढायला लागली असेल तर गोष्ट वेगळी, नंतर चढली असेल तर वेगळी. एवढा आलेख नीट वाचता यायला पडद्यावर २० सेकंद लागतात. ८ सेकंदांत उडवलात तर नुसती सजावट होते.

आयर्विनला इशारा पातळी ४० फूट, धोका पातळी ४५ फूट. २०१९ ला पाणी ५७ फुटांच्या वर गेलं होतं. हे फूट स्थानिक पट्टीच्या शून्यापासूनचे, तर केंद्रीय जल आयोगाचे आकडे समुद्रसपाटीपासून मीटरमध्ये असतात. दोन्ही एकाच आलेखात घातलेत की जाणकार माणूस तिथेच उठून जाईल.

विसर्गाच्या नोंदी माहिती अधिकारातून मागा. अर्ज एका विषयाचा, १५० शब्दांच्या आत, १० रुपयांचा कोर्ट फी स्टँप, उत्तराची मुदत ३० दिवस, प्रतीला पानामागे २ रुपये. अर्ज फसतो तो दोन कारणांनी. एक म्हणजे 'का सोडले' असं विचारलं जातं. कायद्यानं नोंदी मिळतात, कारणमीमांसा मिळत नाही. दुसरं म्हणजे 'आजपर्यंतची सर्व माहिती' मागितली जाते आणि अर्ज परत येतो. त्यापेक्षा ठरावीक पंधरवडा लिहा, 'तासागणिक विसर्ग नोंदवही आणि त्या काळातले दरवाजे परिचालनाचे आदेश' असे शब्द घाला आणि अभिलेख पाहणी मागा. पाहणीचा पहिला तास फुकट असतो. सोबत जलाशय परिचलन सूची मागा. कोणत्या तारखेला साठा किती ठेवायचा याचं ते वेळापत्रक असतं. प्रत्यक्ष साठ्याची रेघ त्या रेघेवर टाकलीत की तुमचा सगळ्यात ताकदीचा शॉट तयार झाला, तोही कॅमेरा न लावता.

मग पूररेषा. निळी रेषा साधारण २५ वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची, लाल १०० वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची. निळीच्या आत निषिद्ध क्षेत्र, निळी ते लाल नियंत्रित. नकाशा हातात घेऊन ती रेषा चालत जा. कॅमेरा खांद्याच्या उंचीवर, एका बाजूला नदी, दुसऱ्या बाजूला बांधकामं. ड्रोननं दाखवलीत तर ती रेषा फक्त नकाशावरची राहते. चालताना ती कुणाच्या तरी जिन्यातून जाते.

अलमट्टीबद्दल, म्हणजे कृष्णेवरच्या कर्नाटकातल्या धरणाबद्दल, जपून. २०१९ नंतरच्या वडनेरे समितीनं तिला जबाबदार धरलं नाही, आपल्याकडच्या अनेक अभ्यासकांना ते मान्य नाही. दोन्ही बाजू त्यांच्या आकड्यांसकट ठेवा. तिथली सध्याची पूर्ण संचय पातळी ५१९.६ मीटर आहे आणि कृष्णा पाणीतंटा लवादानं ५२४.२५६ पर्यंत परवानगी दिलीय. पुढचं भांडण या फरकावर आहे.

आणि एक पाणी तुमच्या फिल्ममध्ये कुठेच नाही. कोयनेचं वर्षाला ६७.५ टीएमसी पाणी वीजनिर्मितीसाठी पश्चिमेला पोफळीकडे वळतं आणि वाशिष्ठीतून कोकणात उतरतं. नदीची गोष्ट सांगताना नदी सोडून गेलेलं एवढं पाणी गाळणं बरं दिसत नाही.

---

मीठफुटी

गेजवाचक यांना +१. पण पूर आणि दुष्काळ या दोन टोकांत तिसरी गोष्ट हरवतेय, ती म्हणजे क्षारपड. मिरज, पलूस, वाळवा पट्ट्यात फिरा. बारमाही पाणी, त्यावर ऊस, त्यात पाटानं भरमसाट पाजणं आणि काळ्या भारी जमिनीला निचरा नाही. भूजल वर चढतं, उन्हानं पाणी उडून जातं आणि मीठ वरच्या थरात राहतं. ना पूर, ना दुष्काळ, त्यामुळे बातमी होत नाही.

चित्रीकरण मार्च ते मे. एकदा पाऊस झाला की पांढरी पापडी विरघळते आणि रान साध्या पडीक रानासारखं दिसतं. बघायचं कसं ते सांगतो. क्षारयुक्त जमिनीवर कोरडा पांढरा भुगा असतो, बोटानं उचलता येतो. चोपण जमिनीवर तो नसतो. ती काळपट, टणक, पाणी दिलं तर वरच तळं होऊन थांबतं आणि वाळली की रुंद भेगा. निवेदनात दोन्हींना एकच नाव दिलंत तर कृषी खात्याचा कुणीही तुम्हाला धरेल. सकाळी सूर्य खाली असताना तिरप्या उजेडात पापडीची दाणेदार कड दिसते, दुपारी बाराला सगळं पांढरंफटक होऊन जातं. त्याच चौकटीत बांधापलीकडचा हिरवा ऊस येऊ द्या.

माती परीक्षणाचा आकडा घ्याल तेव्हा पद्धत विचारा. संपृक्त लगद्याच्या अर्काची विद्युतवाहकता ४ डेसिसायमन प्रति मीटरच्या वर गेली की जमीन क्षारयुक्त मानतात. बऱ्याच प्रयोगशाळा मात्र मातीच्या अडीचपट पाण्यात द्रावण करून मोजतात, तिथे आकडा बराच कमी येतो. दोन्हींची तुलना करू नका. उसाचं उत्पादन तर १.७ पासूनच घसरायला लागतं.

उपाय म्हणून जमिनीखाली सच्छिद्र पाइप टाकतात. साधारण ८० मिलिमीटर व्यासाचे, गाळणीचं कापड गुंडाळलेले, मीटर-सव्वामीटर खोल, भारी जमिनीत दोन ओळींत वीस-तीस मीटर अंतर. त्याचं उद्घाटन सगळे चित्रित करतात. तुम्ही त्या पाइपचं तोंड शोधा. ते खारं पाणी नाल्यात पडतं आणि नाला नदीत. एकाचं रान सुधारलं, मीठ खालच्या गावाला गेलं. तोंडाशी वाहकतेचा मीटर धरून एक अखंड शॉट घ्या.

आता मासे. नाव घ्यायची घाई नको. मासे मरतात ते बहुतेक वेळा पाण्यातला प्राणवायू संपल्यानं, आणि तो संपायला मळीमिश्रित पाणी पुरेसं आहे, तसंच शहराचं सांडपाणीही. सांगलीत शेरी नाला आहेच. तिसरं म्हणजे बंधाऱ्याचे बरगे, पाणी अडवायच्या फळ्या. ते काढले की मागे साचलेलं कुजकं पाणी एकदम खाली येतं. पावसाळ्याच्या पहिल्या लोंढ्यानंही ओढ्या-नाल्यांत तुंबलेला ऐवज नदीत उतरतो. मेलेल्या माशांच्या शॉटमधून यातलं कोणतं कारण ते कळत नाही.

नमुने तीन जागी घ्या: नाल्याच्या तोंडाच्या वर, तोंडाशी, आणि पाणी पुरतं मिसळल्यावर अर्धा किलोमीटर खाली. वरचा नमुना नसेल तर बाकीचे दोन वकील फाडून टाकेल. विरघळलेल्या प्राणवायूसाठी ३०० मिलिलिटरची काचेची बाटली पाण्याखाली नेऊन बुडबुडा न राहता भरायची आणि जागेवरच मँगनीज सल्फेट व अल्कली आयोडाइड अझाइड घालून स्थिर करायची. प्लास्टिकच्या बाटलीत भरून गाडीतून नेलंत तर वाटेत हवा मिसळते आणि आकडा छान येतो. वेळही लिहा. रात्रभर शेवाळही प्राणवायू खातं, त्यामुळे पहाटे पातळी सगळ्यात कमी असते. दुपारी तीनला घेतलेला नमुना नदीला निर्दोष ठरवतो. बीओडीचा (घाण कुजताना किती प्राणवायू खर्च होतो त्याचं माप) नमुना बर्फात ठेवून त्याच दिवशी प्रयोगशाळेत द्या. आपल्याकडे तो २७ अंशाला ३ दिवसांचा करतात. नदीत सोडायच्या सांडपाण्याला मर्यादा लिटरला ३० मिलिग्रॅम, तर आंघोळीयोग्य नदीला बीओडी ३ पेक्षा जास्त नको आणि प्राणवायू ५ पेक्षा कमी नको. मान्यताप्राप्त प्रयोगशाळाच घ्या.

बाटली भरणं, झाकण, लेबल, सही, घड्याळ हे सगळं न तोडता एका शॉटमध्ये घ्या. कंटाळवाणा होईल, कटमध्ये १५ सेकंदच वापराल, पण पूर्ण फाइल जपून ठेवा. संबंधितांना लेखी प्रश्न पाठवा, उत्तराला पंधरा दिवस द्या, आलेलं उत्तर फिल्ममध्ये घाला. नाही आलं तर 'उत्तर मिळाले नाही' आणि पत्राची तारीख. एवढं हातात असेल तर नाव घ्या. नसेल तर नाल्याचं नाव घ्या.

---

सड्यावरची

वरच्या दोघांचं वाचून फुलं कापू नका दादा! देखणेपणात गुन्हा नाही. फुलं एकटी ठेवलीत हा प्रश्न आहे.

कासचा सडा म्हणजे जांभ्यावर बोटभर माती. पावसाळ्यात पाणी साचतं, दिवाळीनंतर सगळं वाळतं. माती इतकी निकस की सीतेची आसवे सूक्ष्म जीव पकडून नत्राची भरपाई करते. हे सांगितलंत की जवळून घेतलेला शॉट माहिती देतो. त्यानंतर त्याच जागी, त्याच उंचीवरून, त्याच लेन्सनं मार्चमधला सडा घ्या, वणवा लागून गेला असेल तर तोही. जागा सापडावी म्हणून खडकाची खूण, होकायंत्राची दिशा आणि तिपाईची उंची लिहून ठेवा. नुसत्या जीपीएसवर चार-पाच मीटरची चूक होते आणि दोन्ही चौकटी जुळत नाहीत.

२०१२ ला जागतिक वारशात नाव गेल्यावर गर्दी, तिकीट, कुंपण, चराई बंद हे सगळं आलं. गुरं चरणं फुलांना मारक की गवत आटोक्यात ठेवून पोषक, यावर जाणकारांत मतभेद आहेत. गुराख्याला आणि वनरक्षकाला एकाच जागी उभं करून विचारा. फुलांच्या पलीकडे कास तलाव, त्याची उंची वाढवलेली, ते पाणी साताऱ्याच्या नळाला. फूल, भिंत, नळ असा साधा क्रम लावलात तरी पर्यटनाची जाहिरात संपते. चाळकेवाडी-वनकुसवड्याच्या पवनचक्क्यांखालीही असाच सडा आहे. पात्यांपेक्षा तिथवर जड क्रेन न्यायला कापलेले रस्ते बघा, ओघळीचं पाणी कुठे अडलंय ते लगेच दिसतं.

चित्रण करताना झोपून फुलावर लेन्स लावायचा मोह होतो. त्या एका शॉटसाठी दीड मीटर सडा चिरडतो. १०० मिलिमीटर मॅक्रो, वाटेवर किंवा उघड्या खडकावर तांदळाची पिशवी, एफ ८ ते ११. डबक्यात पाय नको, उथळ दिसलं तरी कंद आणि बिया तिथेच असतात. फुलावर पाण्याचा फवारा मारून दव दाखवायचं असेल तर मग बाकीच्या पुराव्यांची मेहनत कशाला?

आणि कोयना-चांदोलीच्या जंगलाला 'अस्पर्शित' म्हणू नका. सह्याद्री व्याघ्र प्रकल्प २०१० चा, पण आत फिरलं की उठवलेल्या गावांची जोती, देवळं, बांध, ओळीनं लावलेले आंबे दिसतात. चौकट दोन पावलं डावीकडे सरकवून ते टाळता येतं. बहुतेक जण टाळतातच.

---

कान देऊन

बासरी काढा. तिच्या जागी दुसरं संगीतही नको.

कृष्णाकाठी रात्री अकराला उभं राहिलं की नदी ऐकूच येत नाही, मोटारी ऐकू येतात. शेतीची लाइट रात्रपाळीची असते तेव्हा तर काठभर घूं चालू. रोहित्राची गुणगुण १०० हर्ट्झची आणि मोटारींचा आवाज त्याच्या पटीत. सवयीनं संकलक ती 'घाण' म्हणून गाळून टाकतो. कृपा करून गाळू नका. उसाला पाणी कसं जातं हे निवेदनाच्या पानभर मजकुरापेक्षा त्या घूंनं कळतं. लाइट गेली की एकेक मोटार बंद पडते आणि अर्ध्या मिनिटात बेडूक वर येतात. तो क्षण पकडायला रेकॉर्डर आधीपासून चालू हवा. लाइटीचं वेळापत्रक गावातल्या वायरमनकडून घ्या.

रेकॉर्डर ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट, शिखर उणे १२ डेसिबलच्या आसपास. प्रत्येक जागी कुणी न बोलता न हलता दोन मिनिटांचं वातावरण. आपोआप आवाज वाढवणारी सोय बंद, हे सगळ्यात महत्त्वाचं. ती चालू असेल तर शांत जागाही गोंगाटाची वाटते आणि पवनचक्की ५० मीटरवर व ५०० मीटरवर सारखीच ऐकू येते. तुलना करायची असेल तर ५०, २०० आणि ५०० मीटरवर एकाच पातळीवर रेकॉर्ड करा. पात्यांचा झोत मोजता येतो: तीन पाती, मिनिटाला १५ फेरे, तर ४५ झोत. ऐकून मोजलेला आकडा आणि चित्रातला वेग जुळला पाहिजे, नाहीतर संकलनात चित्र हळू केल्याचं उघड होतं.

सड्यावर वाऱ्याला नुसता फोम पुरत नाही. पिंजरा आणि त्यावर केसाळ आवरण हवंच. तरीही घरघर आली तर ८० हर्ट्झखालचं जागेवरच कापा. एकदा इनपुट फाटलं की नंतर काही करता येत नाही. ज्या जागी मोटारीची गुणगुण हवी आहे तिथे मात्र कापायचं नाही, तिचा १०० हर्ट्झचा तळ त्या कापाच्या अगदी जवळ असतो.

महापुराच्या मोबाईल क्लिपांना गडगडाट किंवा लाटांचा आवाज जोडू नका. फाटका आवाज तसाच राहू द्या.

---

घाटावरचा

सगळ्यांचे आभार. रकान्यांची वही सुरू केली. कासनंतरचे पहिले सहा सीन पहिल्याच रकान्यात अडकलेत. उपग्रह प्रतिमा आणि ड्रोनच्या परवानग्यांबद्दल कुणी सांगेल का? महापुराचा विस्तार नकाशावर दाखवायचा विचार आहे.

---

नकाशावाला

पुराच्या दिवसांत आकाश ढगाळ, त्यामुळे सेंटिनेल-२ च्या साध्या प्रतिमा बहुधा पांढऱ्याच मिळतील. रडारवाला सेंटिनेल-१ ढगांतून बघतो, मोकळं पाणी काळं दिसतं. पण आपल्याकडे एक मोठी खोच आहे: उंच उभ्या उसाखाली पाणी साचलं तर रडारला वरची पानंच दिसतात आणि ते रान कोरडं मोजलं जातं. सांगलीच्या पुराचा रडार नकाशा म्हणून खऱ्या विस्तारापेक्षा लहान येतो. पाटीवर तसं लिहा आणि गावातल्या भिंतींवरच्या पूरखुणांशी ताडून बघा.

उन्हाळ्यातलं पाणी मोजायला सेंटिनेल-२ उत्तम. १० मीटरचा तपशील, २०१५ पासूनच्या प्रतिमा. हिरवा पट्टा बी ३ आणि जवळचा अवरक्त बी ८, दोन्हींची वजाबाकी भागिले बेरीज. साधारण शून्याच्या वर पाणी, पण गढूळ पाण्यात हा उंबरा हलतो. जुनं हवं असेल तर १९८४ पासूनच्या ३० मीटरच्या लँडसॅट प्रतिमा आहेत. महिना तोच ठेवा. एप्रिलमधलं हिरवं म्हणजे पाजलेलं, सप्टेंबरमधल्या हिरव्यातून काहीच सिद्ध होत नाही.

ड्रोन २५० ग्रॅमच्या आतला असला की रिमोट पायलट प्रमाणपत्र लागत नाही, क्षेत्रांचे नियम मात्र लागू राहतात. हिरव्या क्षेत्रात ४०० फुटांपर्यंत. डिजिटल स्काय या सरकारी ड्रोन संकेतस्थळावरचा नकाशा उडवायच्या दिवशीच बघा, तो बदलतो. धरणाच्या भिंतीजवळ जलसंपदा आणि पोलिसांच्या लेखी परवानगीशिवाय नाव काढू नका. अभयारण्य आणि व्याघ्र प्रकल्पात मुख्य वन्यजीव रक्षकांची परवानगी लागते. वन्यजीव कायद्याच्या कलम २८ मध्ये २०२२ च्या दुरुस्तीनंतर चित्रपट निर्मितीचा उल्लेखच आहे, अधिवासात बदल न करण्याच्या अटीवर. अर्जात माणसं, गाड्या, तारखा, जागा आणि रात्रीचा प्रकाश वापरणार की नाही हे लिहा. 'निसर्गाचं चित्रण' एवढंच लिहिलेले अर्ज पडून राहतात.

सड्यावर हलका ड्रोन आधी वाऱ्याच्या विरुद्ध न्या, म्हणजे परतताना वारा पाठीशी राहतो. बॅटरी ४० टक्क्यांवर आली की परत. धुक्यात शिरला तर खालचे सेन्सर ओले होऊन उतरताना गडबड करतात.

आणि पुरावरून सरकणारा ड्रोन कापा. पाणी आणि छपरांची नक्षी होते, माणसाची पातळी कळत नाही. ड्रोन एकाच जागी स्थिर, चौकटीत ओळखीची उंची, विजेचा खांब किंवा देवळाचा कळस.

---

जतकर

जतचं कोरडं रान पुरानंतर लगेच ठेवलंय, म्हणजे 'तिकडे जास्त, इकडे कमी, देवाची लीला' असं होतं. मधला दुवा म्हणजे कृष्णेचं पाणी इकडे उचलून आणणारी म्हैसाळ उपसा योजना आहे, ती दाखवा. पाणी आपोआप येत नाही, टप्प्याटप्प्यानं उचललं जातं. एक घनमीटर पाणी १०० मीटर उचलायला, ७० टक्के कार्यक्षमता धरून, सुमारे ०.३९ युनिट वीज लागते. एका टीएमसीला १.१ कोटी युनिट. हे बिल कोण भरतं, ८१ टक्के शासन आणि १९ टक्के शेतकरी हे सूत्र कसं चालतं, थकलं की पंप कधी बंद पडतात, हे पंपगृहातल्या माणसाला विचारा. 'पुराचं पाणी दुष्काळी भागाला' असं कुणी कॅमेऱ्यासमोर म्हणालं तर लगेच विचारा, पंपांची क्षमता किती क्युसेक? तो आकडा आणि आयर्विनखालचा पुराचा प्रवाह एकाच पाटीवर ठेवा. पूर किती दिवस टिकतो तेही लिहा. मग ते पाणी साठवणार कुठे, हे प्रेक्षक स्वतःच विचारेल.

पूरग्रस्तांच्या क्लिपा वापरताना ज्यानं चित्रण केलं त्याची आणि ज्याचा चेहरा दिसतो त्याची, दोघांची संमती वेगवेगळी घ्या. कॅमेऱ्यावर तोंडी घेतलीत तरी चालते, पण कशासाठी आणि कुठे दाखवणार ते त्याच रेकॉर्डिंगमध्ये बोला. पंचनाम्याचे कागद दाखवाल तर नावं आणि खातेक्रमांक झाका.

शेवटचा कट लॉक करण्याआधी पलूस भागात एकदा आणि जत पूर्व भागात एकदा दाखवा, दोन्हीकडे आक्षेप वेगळे येतील. जत पूर्वला बरेच लोक कानडी बोलतात, तेव्हा कन्नड उपशीर्षकं करून घ्या. एका वेळी दोनच ओळी, ओळीला चाळीसच्या आत अक्षरं, आणि आकड्यांच्या पाटीवर उपशीर्षक येणार असेल तर पाटी वर सरकवा, नाहीतर ८.६४ च्या डोक्यावर मजकूर बसतो.